युरोपचं औक्षण

"ओवाळायचं कुणाला?" मी विचारलं.

"युरोपला," हे म्हणाले.

मी कणीक मळत होते. पिठाचे हात परातीतच ठेवून मी यांच्या तोंडाकडे पाहिलं. आमचे हे, म्हणजे यशवंत धारप, थट्टा करणाऱ्यांतले नव्हते. कचेरीतून आल्यावर बूट काढायच्या आधी ते जे काही सांगत ते जठारसाहेबांचं बोलणं असे, आणि ते त्यांनी वाटेत एक शब्दही न सांडता घरापर्यंत आणलेलं असे. साहेबांचं म्हणणं असं होतं की कैरोत बास्केटबॉलची युरोपची अजिंक्यपद स्पर्धा सुरू होतेय. ती जो संघ जिंकेल त्याला साहेब आपल्या बंगल्यावर बोलावणार, शाल-श्रीफळ देणार, आणि एका गड्याला पाटावर बसवून सवाष्णीकडून औक्षण करवणार. कैरोत आमच्या ओळखीत मराठी सवाष्ण मी एकटी. साहेबांची बायको दम्यामुळे पुण्याला राहायची. दमा होता हे खरं, पण साहेबांबरोबर राहावं लागलं असतं तर तो मलाही झाला असता.

मी म्हटलं, स्पर्धा युरोपची आणि ती इजिप्तमध्ये कशी? यावर साहेबांनी तेवढं काही सांगितलं नाही, असं म्हणून हे बूट काढायला बसले.

ही गोष्ट एकोणीसशे एकोणपन्नासच्या मे महिन्यातली. मुंबईच्या एका कापूस पेढीची कैरोत कचेरी होती. तिथला लांब धाग्याचा कापूस घ्यायचा आणि मुंबईच्या गिरण्यांना पुरवायचा, असा धंदा. जठारसाहेब तिथले मॅनेजर, आणि हे पत्रव्यवहार पाहायचे. लग्नानंतर वर्षभरात मी वाईचा कृष्णाकाठ सोडून नाईलच्या काठी येऊन पडले होते.

जठारसाहेबांचं काय सांगू! इंग्रज जाऊन दोन वर्षं होत आली होती, पण या गृहस्थाचा कणा काही सरळ व्हायला तयार नव्हता. गोरा माणूस दिसला की साहेब आपोआप अर्धा फूट कमी होत, आणि तो गेला की त्याचं उट्टं आमच्या यांच्यावर काढत. तो गोरा कोण, कुठला, हे पाहायचीही गरज नसे. आमच्या गल्लीच्या तोंडाशी एक ग्रीक पाववाला होता. साहेब त्याच्यापुढेही हॅट काढत, आणि तो कालचा पाव त्यांच्या गळ्यात मारी. इजिप्शियन माणसाला मात्र 'ए' शिवाय हाक नाही. त्यांच्या देशात राहायचं, त्यांचा कापूस विकून मोटार उडवायची आणि त्यांनाच नाकं मुरडायची. खाल्ल्या घरचे वासे मोजणारी जात असते एक, त्यातले हे.

आणि आमचे हे त्यांच्या मागून 'होय साहेब' म्हणत चालायचे. माणूस वाईट नव्हता, तेच तर दुखणं होतं. मला ताप आला तर उशाशी बसून राहत, आवाज कधी चढवला नाही, पगार आणून माझ्या हातावर ठेवत. पण साहेबांपुढे उभे राहिले की तोंडात मूग. मी म्हणे, अहो, एकदा 'नाही' म्हणून पाहा, जीभ झडायची नाही. हे हसत आणि म्हणत, अलेक्झांड्रिया मिळू दे, मग म्हणेन.

अलेक्झांड्रियाला पेढीची मोठी कचेरी होती आणि तिथल्या मुख्याची जागा रिकामी झाली होती. नेमणूक मुंबईहून व्हायची, पण शिफारस जठारसाहेबांची. समुद्रावरचं घर, मोकळी हवा, आणि मुख्य म्हणजे साहेब शंभरावर मैल लांब. खोटं कशाला बोलू, ती जागा मलाही हवी होती. मी तिथल्या पडद्यांचा रंगसुद्धा मनात ठरवून ठेवला होता.

स्पर्धेचा उलगडा मला फिक्री एफेंदीने केला. एफेंदी म्हणजे आपल्याकडचं 'राव'. हा पेढीची बंदरावरची कामं पाहायचा. केसांना इतकं तेल चोपडायचा की माझ्या खुर्चीच्या पाठीला डाग पडले होते. शाळेत आपण कसे खेळायचो याच्या बढाया मारायचा, आणि माझा चिवडा खाताना भीड म्हणून ठेवायचा नाही. पण बास्केटबॉल म्हटलं की त्याला नशाच चढायची. स्पर्धेच्या स्वयंसेवकांत त्याने नाव घातलं होतं आणि कोटाला बिल्ला लावून तो गावभर मिरवत होता. मला इंग्रजी मॅट्रिकपुरतं येत होतं, त्यालाही बेताचंच, त्यामुळे आमचं छान जमायचं.

तो म्हणाला, मागची स्पर्धा प्रागला झाली, ती रशियाने जिंकली. रिवाजाप्रमाणे पुढची त्यांच्याकडे व्हायची. ते म्हणाले, आम्हाला नको. दुसरे आले होते चेकोस्लोव्हाकियावाले. ते म्हणाले, आम्हालाही नको. तिसरे कोण? आम्ही. म्हणून कार्य आमच्या दारात आलं. मी म्हटलं, पण तुम्ही मुळात तिसरे आलात कसे, इजिप्त युरोपात कुठे आहे? त्याने खांदे उडवले. आम्हाला खेळायला बोलावलं, आम्ही गेलो आणि खेळलो, भूगोल शिकवायला कुणी बोलावलं नव्हतं, असं तो म्हणाला.

मग त्याने मला सगळी कुळकथा सांगितली. पहिली स्पर्धा युद्धाच्या आधी जिनिव्हाला झाली, ती लॅटव्हियाने जिंकली. दुसरी लॅटव्हियाच्या घरी झाली, तर ती शेजारच्या लिथुआनियाने नेली. तिसरी लिथुआनियाच्या घरी. त्यांनी आपल्या रक्ताचा पण अमेरिकेत वाढलेला एक ताडमाड गडी आणला आणि लॅटव्हियाला एका गुणाने हरवून पुन्हा तेच जिंकले. मी विचारलं, मग हे दोघं आता का नाही आले? फिक्रीने चिवड्याचा बकाणा भरला आणि टेबलावरून तळहात फिरवला, पाटी पुसतात तसा.

"रशियाच्या पोटात गेले," तो म्हणाला. "पहिली तिन्ही विजेतेपदं ज्यांनी जिंकली त्यांचा देशच आज नकाशावर नाही. मॅडम, हा असा युरोप."

मला हे फार आवडलं. जेवताना मी ते यांना सांगितलं, आणि यांनी दुसऱ्या दिवशी साहेबांना सांगितलं, कारण साहेबांपासून काही लपवलं तर यांना अन्न पचत नसे. साहेब म्हणाले म्हणे, लॅटव्हिया-बिटव्हिया किरकोळ मंडळी आहेत, खरा युरोप म्हणजे फ्रान्स. या खेपेला रशिया नाही, चेक नाहीत, बरेचसे देश इतक्या लांब आलेलेच नाहीत. तुर्कस्तान, सीरिया, लेबनॉन असे लोक आणून जागा भरल्यात. म्हणजे फ्रान्स जिंकला म्हणूनच समजा.

साहेबांना फ्रान्स हवा होता त्याचं कारण बास्केटबॉल नव्हतं. मस्यू दलाकूर नावाचा फ्रेंच गिरण्यांचा एक दलाल तेव्हा कैरोत मुक्कामाला होता. त्याच्याशी सौदा जमला तर मुंबईला साहेबांची पत वाढणार होती. तो सत्काराला यायचा होता, बरोबर एका फ्रेंच वर्तमानपत्राचा फोटोग्राफरही. निरांजन, कुंकू, अक्षता असलं काही दाखवलं की गोऱ्यांना फार गंमत वाटते, असं साहेबांचं जन्मभराचं निरीक्षण होतं.

आता साहेबांचा शहाणपणा बघा. दुसऱ्या कुणी आधी पाहुणे पळवू नयेत म्हणून त्यांनी आमंत्रण स्पर्धा सुरू व्हायच्या आधीच तयार केलं, वर 'युरोपच्या अजिंक्यवीरांना' असं लिहिलं, आणि निकाल लागल्या लागल्या जिंकणाऱ्यांच्या हातात द्यायला फिक्रीकडे सोपवलं. हारतुरे आधी आणि लढाई मागून, ही आपल्या लोकांची रीतच आहे. माझ्या मामांनी वाईला नगरपालिकेच्या निवडणुकीआधी पेढे सांगून ठेवले होते, ते पुढे आम्ही घरचेच आठवडाभर खात होतो. नारळ साहेबांनी पोर्ट सैदला एका बोटीवरून मागवला. शाल माझी घेतली, लग्नातली. साहेबांच्या मते आमच्या घरात दाखवण्याजोगी तेवढीच एक वस्तू होती.

रविवारी शेवटच्या दिवशी साहेब आम्हाला सामना पाहायला घेऊन गेले. पुढे दलाकूर आणि साहेब, त्यांच्या मागच्या खुर्च्यांवर आम्ही दोघं. इजिप्त आणि फ्रान्स समोरासमोर, आणि जो जिंकेल त्याचं अजिंक्यपद. तांबड्या तरबुश टोप्यांवाले, झगेवाले, कॉलेजातली पोरं, नुसती माणसांची दाटी. घामाचा आणि भाजलेल्या बियांचा वास सुटला होता.

खेळातलं मला फारसं कळत नव्हतं, शाळेत मी रिंग टेनिसच्या पलीकडे गेले नव्हते. पण चेंडू कुणाच्या हातात जास्त आहे हे कळायला पंडित लागत नाही. सुरुवातीला फ्रान्सने टोपलीत चेंडू टाकला की साहेब उठून उभे राहून टाळ्या वाजवत. दलाकूर फ्रेंच असून बसून होता आणि हा गिरगावातला माणूस उभा. इजिप्त पुढे जायला लागलं तशा टाळ्या विरळ झाल्या. मग साहेबांनी डोळ्यांवर ऊन येतंय म्हणून हॅट खाली ओढली. मग म्हणाले, पंच फितूर असणार. दलाकूरने शांतपणे सांगितलं की पंचांना दोष देण्यात अर्थ नाही, आमच्या पोरांना धाप लागलीय आणि ही पोरं फार चांगली खेळताहेत. साहेबांना ते पटलं नाही. गोऱ्या माणसाचं म्हणणं साहेबांना न पटल्याचं मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं.

इजिप्त जिंकलं, आणि चांगलं दणकून जिंकलं. जो काही गलका उठला त्यात मला माझ्या टाळ्या ऐकू येईनात. फिक्री एफेंदी मैदानाच्या कडेला उभा राहून लहान पोरासारखा रडत होता. यांनीही दोन टाळ्या वाजवल्या. साहेबांनी मान मागे वळवली तसे यांचे हात खिशात गेले.

परतताना मोटारीत साहेबांनी हॅट काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाले, "उद्याचा समारंभ ठरल्याप्रमाणे होईल. सत्कार फ्रान्सचा."

"पण जिंकलं इजिप्त," मी म्हटलं.

"वहिनी, ही युरोपची स्पर्धा. इजिप्त युरोपात नाही. इजिप्त वजा केलं की पहिला कोण राहतो? फ्रान्स. साधं गणित आहे."

"होय साहेब," हे म्हणाले.

घरी आल्यावर मी यांना समोर बसवलं. म्हटलं, हे बघा, अडाणी का असेना पण मी सवाष्ण आहे. औक्षण म्हणजे काही सर्कशीतला खेळ नाही. आमच्या घरी परीक्षेत नापास झालेल्याला पेढा देत असतील, पण तो पास झाला असं म्हणून त्याला कुणी ओवाळत नाही. हरलेल्याला जिंकलेला म्हणून ओवाळायला मी येणार नाही, आणि हे साहेबांना तुम्ही सांगायचं. हे म्हणाले, अगं, दोन मिनिटांचं काम, एका निरांजनाने काय बिघडतंय. मी म्हटलं, दोन मिनिटांचंच आहे ना, मग तेवढ्यासाठी तरी माणसासारखं उभं राहा. पुढे जन्मभर साहेबांची धोतरं धुवा, मी बोलणार नाही. हे खुर्चीत जरा ताठ बसले. मग म्हणाले, "बरं. सकाळी सांगतो त्यांना." आणि यांचा चेहरा असा काही झाला की माझा विश्वास बसला. मी हौसेने यांचा कोट इस्त्री केला.

दुसऱ्या दिवशी हे दुपारीच न्यायला आले. मी विचारलं, सांगितलंत? म्हणाले, वेळच मिळाला नाही, साहेब नारळाच्या मागे होते. तिथे गेल्यावर बघू. मी तबक उचललं आणि मुकाट्याने निघाले. म्हटलं, घोडामैदान जवळच आहे.

बंगल्याच्या हिरवळीवर खुर्च्या मांडल्या होत्या. मधोमध पाट, भोवती मी काढलेली रांगोळी. दलाकूर आला. त्याच्याबरोबर फ्रान्सच्या संघातले दोन गडी आले, ते राखीव होते आणि बहुधा त्यांना इतर कुठे जायचं नव्हतं. साहेब त्यांच्यापुढे इतके वाकले की गळ्यातला टाय रांगोळीला लागला. फोटोग्राफरने आपली तिकाटी उभी केली. एवढ्यात फाटक उघडलं आणि फिक्री एफेंदी आत आला. त्याच्या मागून कोट घातलेले, केस विंचरलेले, इजिप्तच्या संघातले पाच-सहा उंचेपुरे गडी. साहेबांचं आमंत्रण फिक्रीने सामना संपल्या संपल्या जिंकणाऱ्यांच्या हातात दिलं होतं. त्याला सांगितलं होतं तसंच त्याने केलं होतं.

साहेबांच्या तोंडचं पाणी पळालं. दलाकूरच्या देखत त्यांना हाकलता येईना. साहेबांनी हात जोडले, त्यांना मागच्या खुर्च्या दाखवल्या आणि ती पोरंही बिचारी तिथे जाऊन बसली. मग साहेबांनी एका फ्रेंच गड्याच्या दंडाला धरलं आणि त्याला पाटावर बसवलं. गुडघे कानाला लावून तो बिचारा कसाबसा बसला. साहेबांनी मला खूण केली.

तबकात निरांजन पेटलेलं होतं. कुंकू, अक्षता, सुपारी, माझी अंगठी. मी जागची हलले नाही.

"वहिनी," साहेब मराठीत म्हणाले, चेहऱ्यावर पाहुण्यांसाठीचं हसू तसंच ठेवून.

"जिंकलेला कोण ते सांगा," मी म्हटलं. "त्याला ओवाळते."

"वहिनी, तमाशा नको."

"मी कुठे करतेय? मी उभीच आहे."

साहेबांनी माझा नाद सोडला आणि यांच्याकडे पाहिलं. नुसतं "धारप" एवढंच म्हणाले.

हे माझ्याजवळ आले. मला वाटलं, आता. साहेबांकडे पाठ होती यांची, तोंड माझ्याकडे. मी वाट पाहत होते. आता वळतील आणि म्हणतील, साहेब, राहू द्या. तीन शब्द. मला याहून जास्त काही नको होतं. अलेक्झांड्रिया गेलं तर गेलं, वाईला जाऊन पोळपाट-लाटणी विकली असती मी.

"नलू," हे हळूच म्हणाले, "अलेक्झांड्रिया."

"मग?"

यांनी माझ्या हातातलं तबक घेतलं. मला वाटलं, खाली ठेवताहेत. यांनी ते ठेवलं नाही. हे वळले, पाटाजवळ गेले, आणि मी इस्त्री केलेल्या कोटात, टाय लावून, त्या फ्रेंच पोराला ओवाळायला लागले.

पुरुषाने औक्षण केलेलं मी त्याआधी कधी पाहिलं नव्हतं, नंतरही नाही. यांना धड येतही नव्हतं. कुंकू लावायला गेले ते नाकावर सांडलं. तबक उलटं फिरवलं, दृष्ट काढतात तसं. वाऱ्याने निरांजन विझलं, तेव्हा साहेबांनी आपला सिगारेटचा लायटर पुढे केला. यांनी 'थँक्यू सर' म्हणून ते पेटवलं आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. तो फ्रेंच गडी अर्धवट उठून मागच्या खुर्च्यांकडे बोट दाखवत होता. तो म्हणत असावा, जिंकले ते आहेत. साहेबांनी खांद्यावर हात दाबून त्याला पुन्हा खाली बसवलं. फोटोग्राफरने फोटो काढला. हे फोटोसाठी थांबले, हसलेसुद्धा.

इजिप्तची पोरं शांतपणे पाहत होती. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता, नवल होतं. फिक्री माझ्या बाजूला सरकला आणि त्याने विचारलं, मॅडम, हा विधी कसला?

"आमच्याकडे हरलेल्याचं असं सांत्वन करतात," मी म्हटलं.

फिक्रीने ते अरबीत सांगितलं. त्या सगळ्यांनी गंभीरपणे माना डोलावल्या. एक उंच, सावळा पोरगा उठला, पाटाजवळ गेला, त्या फ्रेंच गड्याचा हात हातात घेऊन त्याने त्याला दोन शब्द धीराचे सांगितले. मग यांच्या पाठीवरही त्याने थोपटलं. त्याला वाटलं असावं, हेही हरलेल्यांपैकीच. साहेबांना वाटलं, कार्यक्रम रंगला, आणि त्यांनी टाळ्या वाजवल्या. माझी शाल त्या फ्रेंच पोराच्या खांद्यावर गेली. मी स्वयंपाकघरातून खोबऱ्याच्या वड्यांचं ताट आणलं, ते सरळ मागच्या खुर्च्यांकडे नेलं, आणि शेवटची वडी संपेपर्यंत तिथेच उभी राहिले.

दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात फोटो आला. साहेबांनी त्याच्या प्रती मुंबईला पाठवल्या. दलाकूरने मात्र आपला सौदा एका इजिप्शियन पेढीशी केला, असं फिक्रीने येऊन सांगितलं. जठारसाहेबांच्या कपाळी तेवढा लायटर पेटवण्याचा मान आला.

आणि अलेक्झांड्रिया मिळालं. शिफारशीत साहेबांनी यांना 'अत्यंत आज्ञाधारक' म्हटलं होतं, हे यांनीच मला कौतुकाने सांगितलं. पावसाळा म्हणून काही तिकडे नसतोच, पण आपल्याकडे श्रावण लागला असेल तेव्हा आम्ही नव्या घरात गेलो. घर सुरेख होतं. सगळ्या खिडक्या समुद्राकडे. पडदे मी मनात ठरवलेल्या रंगाचेच लावले. यांच्या हाताखाली आता चार कारकून होते, ते यांना 'होय साहेब' म्हणत, आणि हे घरी येऊन त्यांची नक्कल करून दाखवत. मी हसत नसे. हे विचारत, तुला बरं नाही का? मी म्हणे, बरं आहे की.

यांच्याशी मी कधी भांडले नाही. भांडायला समोर कुणी असावं लागतं. स्वयंपाक वेळेवर, कपडे इस्त्रीचे, पाहुण्यांशी गोड बोलणं. यांना वाटलं, मी ते विसरले.

दिवाळी आली. फराळ केला, आकाशकंदील केला. पाडव्याला हे भल्या पहाटे उठले, तेल-उटणं लावून न्हाले, नवं धोतर नेसले. पाट स्वतःच मांडला आणि भोवती वाकडीतिकडी रांगोळीही स्वतःच काढली, कारण मी काढली नव्हती. त्यावर येऊन मांडी घालून बसले. हातात माझ्यासाठी आणलेली डबी होती, आत मोत्यांच्या कुड्या असाव्यात. मी अजून उघडलेली नाही.

"नलू, ये ना," हे म्हणाले. "किती वेळ? निरांजन लाव."

मी तबक तयार केलं. त्यात कशाचीही कसूर केली नाही. कुंकू, अक्षता, सुपारी, अंगठी, दोन वातींचं तुपाचं निरांजन. ते पेटवलं आणि बाहेर आणलं. यांनी टोपी सारखी केली आणि कपाळ पुढे केलं.

मी वाकून ते तबक यांच्या दोन्ही हातांत दिलं.

"घ्या," मी म्हटलं. "तुम्हाला येतं की."